हृदयाच्या औषधांचे दुष्परिणाम: ऑडिटमधून तोच चार्ट पुन्हा पुन्हा का परत येतो?

कार्डिऑलॉजीचे इनपेशंट चार्ट करणाऱ्या, म्हणजे दाखल रुग्णांच्या नोंदी वाचून निदानांना ठरलेले कोड लावणाऱ्या, कोडरना ही तक्रार तोंडपाठ असेल. वॉर्फरिनमुळे रक्तस्राव, डिगॉक्सिनमुळे मंदावलेली नाडी, लिसिनोप्रिलमुळे खोकला. औषध बरोबर शोधलं, आजार बरोबर शोधला, तरी चार्ट ऑडिटमधून परत. शेरा एक तर ‘सिक्वेन्सिंग’चा, म्हणजे कोडच्या क्रमाचा, नाही तर ‘इंटेंट’चा, म्हणजे औषध कोणत्या हेतूने घेतलं याचा. दुरुस्ती करून पाठवावा, तर आठवड्याभरात दुसऱ्या रुग्णाच्या चार्टवर तोच शेरा पुन्हा हजर.

मी ऑडिट करते, आणि हे शेरे मारणाऱ्यांपैकीच आहे. माझ्यासमोर येणाऱ्या अशा चार्टमध्ये कोडरला औषध सापडलेलं नाही असं फार क्वचित असतं. राहून गेलेली गोष्ट त्याच्या आधीची असते. औषधांचं टेबल, म्हणजे प्रत्येक औषधासमोर त्याचे टी कोड देणारा तक्ता, उघडण्यापूर्वी एक प्रश्न चार्टला विचारायचा असतो: हे औषध डॉक्टरांनी बरोबर लिहून दिलं होतं का, आणि रुग्णाने ते दिलं तसंच घेतलं का? त्याचं उत्तर मिळण्याआधी टेबलचा कुठलाही रकाना उचलला, तर तो अंदाज ठरतो.

इथे जे लिहिलंय ते अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएमबद्दल, म्हणजे निदानांना कोड देण्याच्या तिथल्या पद्धतीबद्दल, आहे. तिथे हे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झालं आणि पुण्या-मुंबईत बसून तिथले चार्ट आपण याच नियमांनी करतो. कोड देवनागरीत लिहिलेत. चार्टमध्ये टी, एक्स, ए ही अक्षरं अर्थातच रोमनमध्ये जातील.

एका उत्तरावर तीन वाटा

औषध बरोबर दिलं, बरोबर घेतलं, तरी त्रास झाला: हा ॲडव्हर्स इफेक्ट. आधी त्रासाचा कोड, मग औषधाचा टी कोड, ज्याचा सहावा अंक ५.

औषध चुकीचं घेतलं गेलं: जास्त डोस, दुसऱ्याच माणसाची गोळी, प्रिस्क्रिप्शनमधली चूक, किंवा जाणूनबुजून. हे पॉइझनिंग. इथे क्रम उलटतो: टी कोड आधी, त्रास नंतर. सहावा अंक १ ते ४ पैकी: १ अपघाताने, २ स्वतःला इजा करण्यासाठी, ३ दुसऱ्याने केलेला हल्ला, ४ हेतू ठरवता येत नाही.

सांगितल्यापेक्षा कमी घेतलं, किंवा स्वतःच्या मनाने बंद केलं: अंडरडोसिंग, सहावा अंक ६. हा टी कोड पहिल्या जागी कधीच बसत नाही.

‘४’ या अंकाबद्दल एक खबरदारी. हेतू चार्टमध्ये लिहिलेलाच नसेल तर ४ घ्यायचा नाही, १ घ्यायचा. गाइडलाइनप्रमाणे हेतू नमूद नसेल तर अपघात धरला जातो. ‘हेतू ठरवता येत नाही’ असं डॉक्टरांनीच लिहिलं असेल तरच ४. नवीन कोडर इथे सरसकट ४ टाकतात, कारण तो सुरक्षित वाटतो. तो सुरक्षित नाही. डॉक्टरांनी न लिहिलेलं विधान आपण त्यांच्या नावावर घालतो.

डिगॉक्सिन: ‘टॉक्सिसिटी’ या शब्दाचा सापळा

सगळ्यात जास्त चार्ट इथेच अडकतात, म्हणून जरा थांबून बघू.

डिस्चार्ज समरीत ‘डिगॉक्सिन टॉक्सिसिटी’ असं लिहिलेलं असतं आणि कोडरचा हात थेट पॉइझनिंगच्या रकान्याकडे जातो. टॉक्सिसिटी म्हणजे विषबाधा आणि विषबाधा म्हणजे पॉइझनिंग, असा तो हिशोब. पण डिगॉक्सिनच्या बाबतीत उपयोगी डोस आणि घातक डोस यांतलं अंतर मुळातच फार कमी असतं. शिवाय ते शरीराबाहेर टाकण्याचं काम मुख्यतः मूत्रपिंडं करतात. वयस्कर रुग्णाला जुलाब झाले, पाणी कमी पडलं, मूत्रपिंडांचं काम मंदावलं, की रोजचीच गोळी रोजच्याच वेळी घेऊनही रक्तातली पातळी चढते. रुग्णाने काहीही चुकीचं केलेलं नसतं. हा ॲडव्हर्स इफेक्ट आहे.

समजा असा रुग्ण दुसऱ्या डिग्रीचा एव्ही ब्लॉक (हृदयातल्या विद्युत संदेशांना अडथळा) आणि मळमळ-उलट्या घेऊन ॲडमिट झाला, मूत्रपिंडांना तीव्र इजा झालेली आहे, आणि डॉक्टरांनी हे सगळं डिगॉक्सिनशी जोडून लिहिलंय. कोड असे: एव्ही ब्लॉकसाठी आय४४.१, मूत्रपिंडांसाठी एन१७.९, मळमळ-उलट्यांसाठी आर११.२, आणि त्यानंतर टी४६.०एक्स५ए. पहिला कोणता हे ॲडमिशनचं मुख्य कारण ठरवेल, पण टी कोड पहिला येणार नाही.

आता दुसरा चार्ट. आजींनी सकाळची गोळी घेतली, विसरल्या, दुपारी पुन्हा घेतली, असं चार-पाच दिवस चाललं. त्रास तोच, ब्लॉक तोच, रक्तातली पातळीही तितकीच. पण इथे टी४६.०एक्स१ए पहिला, आय४४.१ आणि आर११.२ त्याच्यामागे.

दोन्ही समरींमध्ये शब्द ‘टॉक्सिसिटी’ हाच असेल. फरक सापडतो तो इमर्जन्सीच्या नोंदीत, नर्सच्या नोट्समध्ये, औषधांच्या रिकन्सिलिएशनमध्ये, म्हणजे रुग्ण आधीपासून काय घेत होता याच्या पडताळणीत. नुसती डिस्चार्ज समरी वाचून कोड लावण्याची सवय असेल तर हा शेरा तुमचा पिच्छा सोडणार नाही.

आणि हा फरक कागदापुरता नाही. एव्ही ब्लॉक मुख्य निदान असेल तर केस हृदयाच्या लयीच्या गटात जाते, एमएस-डीआरजी (हॉस्पिटलला किती पैसे मिळणार हे ठरवणारे गट) ३०८ ते ३१०. टी४६.०एक्स१ए मुख्य झाला की ती ९१७-९१८ या पॉइझनिंगच्या गटात पडते. हॉस्पिटलला मिळणारे पैसे बदलतात हे खरं, पण मला त्याहून जास्त टोचतं ते दुसरंच. गोळ्या काटेकोर घेणाऱ्या माणसाच्या रेकॉर्डवर ‘औषध चुकीचं घेतलं’ अशी नोंद राहते. पुढचा डॉक्टर ती वाचतो आणि त्याप्रमाणे वागतो.

वॉर्फरिन आणि इतर रक्त पातळ करणारी औषधं

घरात कुणाची झडप बदललेली असेल तर ॲसिट्रॉमच्या गोळ्या आणि नियमाने होणारी आयएनआर तपासणी (रक्त गोठायला किती वेळ लागतो याची) तुमच्या ओळखीची असेल. अमेरिकी चार्टमध्ये दिसणारं वॉर्फरिन, म्हणजे कुमाडिन, त्याच कुळातलं. एपिक्सॅबॅन आणि रिव्हरॉक्सॅबॅन वेगळ्या पद्धतीने काम करतात, पण कोडिंगसाठी तीही अँटिकोॲग्युलंटच.

इथे चार परिस्थिती एकमेकींत मिसळल्या जातात.

पहिली: एट्रियल फिब्रिलेशनसाठी (हृदयाची अनियमित लय) वॉर्फरिन नीट घेणाऱ्या रुग्णाला काळी शौच झाली आणि डॉक्टरांनी ‘वॉर्फरिनमुळे रक्तस्राव’ असं लिहिलं. के९२.१, डी६८.३२, त्यानंतर टी४५.५१५ए, मग आय४८.९१ आणि झेड७९.०१. डी६८.३२ विसरणारे खूप आहेत. बाहेरून दिलेल्या अँटिकोॲग्युलंटमुळे झालेल्या रक्तस्रावाच्या विकाराचा हा कोड, नुसता के९२.१ लावला तर रक्तस्राव का झाला हे अर्धवटच सांगितलं जातं.

दुसरी: आयएनआर वाढलेला, रक्तस्राव कुठेही नाही. इथे डी६८.३२ लावायचा नाही. आर७९.१ (रक्त गोठण्याच्या तपासणीचा असामान्य निकाल) आणि टी४५.५१५ए, एवढंच. ‘आयएनआर आठ आहे म्हणजे रक्तस्रावाचा विकार असणारच’ हा आपला तर्क आहे, डॉक्टरांचं निदान नव्हे.

तिसरी: आयएनआर ठरलेल्या मर्यादेत, रुग्ण फक्त तपासणीला आलेला. हा औषधाचा अपेक्षित परिणाम आहे, म्हणून टी कोड नाहीच. झेड५१.८१ (औषधाच्या परिणामावर देखरेख) आणि झेड७९.०१.

चौथी: आयएनआर खूप कमी. गोळ्या चुकवल्या असतील तर आर७९.१, टी४५.५१६ए आणि कारणाचा झेड कोड. गोळ्या नीट घेऊनही आयएनआर कमी असेल तर अंडरडोसिंग नाही, आर७९.१ आणि झेड७९.०१ पुरे.

झेड७९.०१बद्दल एक गैरसमज खोडून काढायला हवा. ‘रुग्ण रक्त पातळ करणारं औषध घेतो’ एवढंच तो कोड सांगतो. त्रास औषधामुळे झाला हे तो सांगत नाही, त्यामुळे टी४५.५१५एची जागा तो घेऊ शकत नाही. दोघेही एकत्र येऊ शकतात आणि बहुतेक वेळा येतात.

दुखण्यावर स्वतःच आणलेली गोळी

वॉर्फरिन चालू असलेल्या रुग्णाने गुडघेदुखीसाठी दुकानातून आयबुप्रोफेन आणलं, डॉक्टरांना विचारलं नाही, आणि दोन्हींच्या एकत्र परिणामाने रक्तस्राव झाला. वॉर्फरिन तर बरोबरच घेतलं होतं, मग ॲडव्हर्स इफेक्ट? नाही. बरोबर दिलेल्या औषधासोबत स्वतःच्या मनाने घेतलेलं औषध आणि त्या दोघांच्या परस्परक्रियेमुळे त्रास, हे गाइडलाइनप्रमाणे पॉइझनिंग. टी४५.५११ए आणि टी३९.३११ए आधी, रक्तस्राव नंतर. औषधासोबत दारू घेतल्यामुळे परस्परक्रिया झाली तरी तसंच.

याउलट दोन्ही औषधं डॉक्टरांनीच लिहून दिली होती आणि दोन्ही नीट घेतली, तर परस्परक्रिया असूनही ॲडव्हर्स इफेक्ट. अमिओडॅरोन सुरू केल्यावर वॉर्फरिनचा परिणाम वाढून आयएनआर चढणं हे याचं नेहमीचं उदाहरण: आर७९.१, टी४५.५१५ए, टी४६.२एक्स५ए. दोन औषधं, दोन टी कोड. एकाच औषधाने तीन त्रास दिले तर मात्र तो टी कोड एकदाच लिहायचा.

हृदयाचं औषध आहे म्हणून टी४६ मध्ये शोधू नका

टी४६ हा वर्ग हृदय आणि रक्तवाहिन्यांवर काम करणाऱ्या औषधांचा. पण हृदयरोगावर दिलेलं प्रत्येक औषध तिथे राहत नाही. मेटोप्रोलॉल, अटेनोलॉल हे बीटा ब्लॉकर टी४४.७एक्समध्ये आहेत. लयीसाठी दिले असले तरी तिथेच. ॲस्पिरिन टी३९.०१मध्ये. क्लोपिडोग्रेल टी४५.५२मध्ये, म्हणजे वॉर्फरिनच्या शेजारी पण वेगळं. फ्युरोसेमाइड, म्हणजे लॅसिक्स, टी५०.१एक्समध्ये, थायाझाइड टी५०.२एक्समध्ये; स्पायरोनोलॅक्टोन टी५०.०एक्समध्ये.

टी४६ च्या आतसुद्धा गल्ल्या आहेत. डिगॉक्सिन .०, अम्लोडिपिन-डिल्टिआझेम .१, अमिओडॅरोन .२, नायट्रोग्लिसरिन .३, लिसिनोप्रिल-रॅमिप्रिल .४, स्टॅटिन .६. लोसार्टन, व्हलसार्टन मात्र .४ मध्ये नाहीत, ती .५ मध्ये. ‘प्रिल’ आणि ‘सार्टन’ एकाच कामाला वापरली जातात म्हणून एकाच कोडमध्ये टाकण्याची चूक मला वारंवार दिसते.

लिसिनोप्रिल आणि हायड्रोक्लोरोथायाझाइड एकाच गोळीत असतील तर दोन घटक, दोन वर्ग. डॉक्टरांनी ‘थायाझाइडमुळे सोडियम कमी झालं’ असं नेमकं लिहिलं असेल तर ई८७.१ आणि टी५०.२एक्स५ए एवढंच. गोळीलाच जबाबदार धरलं असेल तर टी४६.४एक्स५ए सोबत लावायचा.

टेबलमधून सापडलेला कोड थेट चार्टवर टाकू नका, टॅब्युलर लिस्ट, म्हणजे सगळ्या कोडची क्रमवार मुख्य यादी, उघडून पडताळाच. गाइडलाइनमध्ये हे स्पष्ट शब्दांत आहे, आणि कामाच्या घाईत पहिला बळी याच पायरीचा जातो.

कोडच इनव्हॅलिड म्हणून परत आला तर

हा सगळ्यात सोपा दोष, पण क्लेम अडवून ठेवतो. टी४६.४५ए असं काही नसतं. टी४६.४ नंतरची पाचवी जागा रिकामी आहे, तिथे एक्स भरायचा, मग सहावा अंक, मग सातवं अक्षर: टी४६.४एक्स५ए. आणि टी४५.५१५एक्सए असंही काही नसतं, कारण तिथे पाचव्या जागी १ आधीच आहे, रिकामं काही उरलंच नाही. सात जागा मोजा. चूक लगेच दिसते.

सातव्या जागेवरच्या ए चा अर्थ ‘पहिली भेट’ असा नाही. त्रासावर सक्रिय उपचार चालू असतील तोवर ए. लिसिनोप्रिलने ओठ-चेहऱ्यावर सूज आली, इमर्जन्सीत उपचार झाले: टी७८.३एक्सएक्सए आणि टी४६.४एक्स५ए. दोन आठवड्यांनी सूज उतरत असताना क्लिनिकमध्ये फक्त पाहणीसाठी आला तर दोन्ही कोडच्या शेवटी डी.

त्रासाचा कोडही नेमका हवा

सगळं लक्ष टी कोडवर जातं आणि पहिला कोड ढोबळ राहतो. औषधामुळे रक्तदाब उतरला तर आय९५.९ नाही, आय९५.२. उभं राहिल्यावर उतरला आणि कारण औषध, तरी आय९५.२च, आय९५.१ खाली तसा एक्सक्लूड्स (‘हे इथे धरू नका’ अशी टीप) लिहिलेला आहे. स्टॅटिनमुळे नुसतं अंग दुखत असेल तर एम७९.१० किंवा एम७९.१८, डॉक्टरांनी मायोपॅथी (स्नायूंचा आजार) म्हटलं असेल तर जी७२.०, आणि रॅब्डोमायोलिसिस (स्नायूंची झीज होऊन ते फुटणं) झालं असेल तर एम६२.८२. या तिघांमध्ये रुग्णाच्या प्रकृतीचा जमीन-अस्मानाचा फरक आहे. अमिओडॅरोनमुळे थायरॉइड मंदावलं तर ई०३.२, फुप्फुसांना जुनाट इजा झाली तर जे७०.३. अम्लोडिपिनमुळे पाय सुजले तर आर६०.०, नायट्रोग्लिसरिनमुळे डोकं दुखलं तर जी४४.४०.

‘प्रिल’च्या कोरड्या खोकल्यासाठी अजूनही कुणी आर०५ टाकत असेल तर तो कोड १ ऑक्टोबर २०२१ पासून एकटा चालत नाही. आर०५.८, किंवा डॉक्टरांनी जुनाट म्हटलं असेल तर आर०५.३. स्वतः बनवून ठेवलेल्या चीट-शीट जुन्या झाल्या की असे कोड त्यांत तसेच राहतात. दर ऑक्टोबरला त्या नव्याने तपासायला हव्यात.

गोळ्या परवडल्या नाहीत तेव्हा

उच्च रक्तदाब आणि हार्ट फेल्युअरच्या रुग्णाने पैशांअभावी लॅसिक्स घेणं बंद केलं, अंगात पाणी साचलं आणि ॲडमिट झाला. आय११.० आधी, मग आय५०.२३ किंवा डॉक्टरांनी लिहिलेला हार्ट फेल्युअरचा प्रकार, मग टी५०.१एक्स६ए, आणि झेड९१.१२०. हा शेवटचा कोड कृपा करून गाळू नका. तो नसेल तर रेकॉर्डमध्ये फक्त ‘औषध घेतलं नाही’ एवढंच उरतं आणि माणूस बेफिकीर दिसतो. झेड९१.१२० सांगतो की त्याच्याकडे पैसे नव्हते. कोडमुळे केस मॅनेजरच्या नजरेत ही गोष्ट आली तर पुढच्या वेळी औषधाची काही सोय लागू शकते.

जाणूनबुजून पण दुसऱ्या कारणाने बंद केलं, समजा सारखं लघवीला जावं लागतं म्हणून, तर झेड९१.१२८. वयामुळे आलेल्या दुर्बलतेने विसरला तर झेड९१.१३०, दुसऱ्या कारणाने अनवधानाने राहिलं तर झेड९१.१३८. डॉक्टरांनीच डोस निम्मा केला असेल तर हे काहीच लागू होत नाही. रुग्ण सांगितल्याप्रमाणेच वागलेला आहे.

चार्ट गप्प असेल तर

वरचं सगळं एका गोष्टीवर उभं आहे: औषध आणि त्रास यांचा संबंध डॉक्टरांनी लिहिलेला हवा. ‘मुळे’, ‘शी संबंधित’, ‘नंतर उद्भवलेला दुष्परिणाम’, काहीतरी. औषधांच्या यादीत वॉर्फरिन आहे आणि समरीत रक्तस्राव आहे, एवढ्यावरून आपण दोघांची गाठ मारू शकत नाही. रुग्णाला अल्सर असू शकतो, आतड्यात गाठ असू शकते.

तेव्हा क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न. आणि क्वेरीतही उत्तर सुचवायचं नाही. ‘हा रक्तस्राव वॉर्फरिनमुळे आहे ना?’ अशी क्वेरी ऑडिटमध्ये टिकत नाही. चार्टमधले पुरावे मांडा: हिमोग्लोबिन इतकं उतरलं, आयएनआर इतका, व्हिटॅमिन के दिलं, एंडोस्कोपीत हे दिसलं. मग विचारा की रक्तस्रावाचं कारण काय, आणि पर्याय द्या: वॉर्फरिनचा दुष्परिणाम, अल्सर, दोन्ही, अन्य कारण, ठरवता येत नाही. औषध कसं घेतलं जात होतं हे कुठेच नसेल तर तेही त्याच क्वेरीत विचारून घ्या, म्हणजे डॉक्टरांना दोनदा त्रास द्यावा लागणार नाही आणि ५ की १ हे एकदाच ठरेल.

उत्तर येईपर्यंत चार्ट होल्डवर ठेवा. उत्तर ‘ठरवता येत नाही’ असं आलं तर रक्तस्रावाचा कोड आणि झेड७९.०१ लावून चार्ट पूर्ण करा; डी६८.३२ आणि टी४५.५१५ए दोन्ही बाहेर ठेवा, आणि क्वेरीची प्रत चार्टला जोडा.